हाताला येतं ते तोंडाला कसं यावं?

ताई,
मी ३४ वर्षांची आहे. डावखुरी, हँडबॉलमधली राइट बॅक, म्हणजे उजव्या बाजूने लांबून गोल मारणारी. सोळा वर्षं खेळतेय, त्यातली अकरा वर्षं हँडबॉलवरच पोट आहे. उजव्या गुडघ्यावर दोन शस्त्रक्रिया झाल्यात आणि डॉक्टर तिसरीबद्दल बोलायलाही तयार नाहीत. क्लबने दोन पर्याय पुढे ठेवलेत. एक, पुढचा सीझन खेळत खेळत सीनियर संघाची असिस्टंट कोच व्हायचं. दोन, खेळणं थांबवून चौदा वर्षांखालच्या मुलींचा संघ पूर्ण हातात घ्यायचा. सगळे म्हणतात पहिलं घे, दुसऱ्यात नाव नाही.

माझी खरी भीती वेगळी आहे. मागे एका शिबिरात मला दोन तास मुलींना शिकवायला बोलावलं होतं. एकीला म्हटलं, ‘अगं, मध्ये जागा आहे, जा ना.’ तिने विचारलं, ‘कुठे आहे जागा?’ मला दिसत होती, पण सांगता येईना. शेवटी मीच चेंडू घेऊन करून दाखवलं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या आणि तिला काहीच कळलं नाही. मला शिकवणं जमणार नाही असं वाटतंय. त्यात एक जुनी मैत्रीण हसत म्हणाली, ‘ज्यांना जमत नाही ते शिकवतात.’ ते डोक्यातून जात नाही.
– डावखुरी

प्रिय डावखुरी,

आधीच सांगते, तुझ्या बाबतीत मी निःपक्षपाती नाही. मी सतरा वर्षं गोलात उभी होते आणि डावखुऱ्या राइट बॅकनी मला जितकं रडवलं तितकं दुसऱ्या कुणी नाही. उजव्या हाताची मुलगी त्या बाजूने आली की तिचा हात साइडलाइनकडे असतो, कोन आक्रसतो, निम्मं काम माझा डावा पोस्टच करून टाकायचा. तुझ्यासारखी आली की हात मैदानाच्या मधल्या बाजूला, आणि तीन मीटर रुंद, दोन मीटर उंच गोल तिच्यासमोर सताड उघडा. अशा खेळाडू संघात एक, फार तर दोन. क्लबने ठेवलेल्या पहिल्या पर्यायात तुझ्या कोचिंगवरचा विश्वास किती आणि तुझ्या डाव्या हाताचा लोभ किती, हा हिशेब पुढे करूच.

आधी ती शिबिरातली मुलगी.

तिचा प्रश्न मला फार आवडला. बाकीच्या टाळ्या वाजवून मोकळ्या झाल्या, हिने विचारलं. तुला उत्तर सुचलं नाही, कारण जागा तू बघतच नव्हतीस. समोरच्या मुलीचा कुठला पाय पुढे आहे, वजन कुठल्या पायावर टाकलंय, तिची शेजारीण पिव्हटच्या (बचावाच्या भिंतीत घुसून उभी राहणारी आपली खेळाडू) पाठीमागे अडकलीय का, कडेची विंग किती बाहेर गेलीय, हे सगळं तुझा डोळा पापणी लवायच्या आत वाचतो आणि तुला फक्त निकाल कळवतो: जागा आहे, जा. वाचलं कधी, ते तुला कळतही नाही. अंगवळणी पडणं म्हणतात ते हेच. अंगात गेलेली गोष्ट तोंडावर आणायची तर ती आधी अंगातून बाहेर काढावी लागते, आणि ते काम वैतागाचं आहे.

माझंही हेच झालं होतं. कोच झाल्यावर दुसऱ्याच महिन्यात एका पोरीने विचारलं, ‘ताई, चेंडू हातातून सुटायच्या आधीच तुम्ही हलता, ते कसं?’ मी ऐटीत म्हटलं, ‘अंदाज.’ तिने मान डोलावली आणि पुढचे चार गोल अंदाजानेच खाल्ले. घरी जाऊन मी माझ्याच जुन्या सामन्यांची रेकॉर्डिंग लावली. नऊ-दहा संध्याकाळी त्यात गेल्या. मला वाटायचं मी चेंडू बघते. प्रत्यक्षात मी बघत होते फेकणारीचं कोपर, आणि तिच्या टेकलेल्या पायाचा चवडा कुठे वळलाय ते. सतरा वर्षं हे करत होते आणि मला पत्ता नव्हता! मग त्या पोरीला मी सांगितलं, ‘आज एकही चेंडू अडवायचा नाही. कोपर खांद्याच्या वर आहे की खाली, तेवढं ओरडून सांग.’ पंधरा मिनिटं ती ‘वर! खाली! वर!’ करत ओरडत होती, गोल होत होते, बाकीच्या पोट धरून हसत होत्या. तिसऱ्या आठवड्यात तिचा हात ओरडण्याच्या आधी जायला लागला.

आता तुझी हुलकावणी घे. तू चेंडू हवेत पकडतेस, पाय जमिनीपासून सुटलेले असताना. उतरताना पहिला पाय टेकतो ते पाऊल म्हणून मोजत नाहीत, त्याच्यापुढे तीन पावलं हक्काची. म्हणजे हाताशी जवळजवळ चार टेकणी असतात आणि तेवढ्यात तू समोरचीला एकीकडे ढकलून दुसरीकडून निघून जातेस. चौदा वर्षांच्या मुलीला हा नियम तोंडपाठ असतो, तिच्या पायांना मात्र तो माहीत नसतो. ती उभी राहून चेंडू घेते, मग निघते, तोवर समोरची तयार. तिच्यासाठी ‘कुठे आहे जागा’ याचं उत्तर चेंडू घेण्याच्या आधीच्या दोन पावलांत आहे. तिने पळत येऊन चेंडू घेतला असता तर जागा तिला आपोआप दिसली असती. उभ्या माणसाला जागा दिसत नाहीत, भिंत दिसते.

एक उद्योग सुचवते. हँडबॉल कधीही न खेळलेल्या कुणाला तरी फोन लाव आणि तुझी हुलकावणी फोनवर समजावून सांग. व्हिडिओ कॉल नाही, हातवारे चालणार नाहीत. त्याने तुझ्या सांगण्यावरून खोलीत ती करून बघायची. पहिल्या दिवशी तो बहुधा कपाटावर आपटेल. चौथ्या-पाचव्या प्रयत्नात तुला तुझे शब्द सापडतील, आणि ते पुस्तकातले नसतील.

शिवाय एक गंमत, जी उजव्या हाताच्या कोचना मिळत नाही. तू मुलींच्या समोर तोंड करून उभी राहून दाखवलंस की बहुतेकींना ते आरशासारखं दिसेल: तुझा डावा हात, त्यांचा उजवा, एकाच बाजूला. मनातल्या मनात उलटं करायचे कष्ट वाचतात. बाकीच्यांना त्यासाठी पाठ फिरवून उभं राहावं लागतं, आणि पाठ फिरवली की मागे काय चाललंय ते दिसत नाही. (चौदा वर्षांच्या पोरींकडे पाठ फिरवणं किती धोक्याचं, ते तुला कळेलच.)

आता पहिला पर्याय. माझं मत विचारशील तर घेऊ नकोस.

साधं कारण गुडघा. तू डाव्या हाताने फेकतेस, म्हणजे उडी उजव्या पायावर घेतेस, आणि दोनदा उघडलेला गुडघा तोच. सीझनच्या मध्यात तो बसला तर तू ना धड खेळाडू राहशील, ना धड कोच. क्लबला तेव्हा नवी राइट बॅक शोधायची घाई असेल. तुझं कोचिंग कसं चाललंय हे बघायला कुणाला वेळ असणार?

पण गुडघा ठणठणीत असता तरी मी नकोच म्हटलं असतं. मंगळवारी ज्या सेंटर बॅकला बाकावर बसवायचा सल्ला तू मुख्य कोचला देशील, गुरुवारी तिच्याच पासवर तुला गोल मारायचाय. पुढच्या वर्षी कुणाचा करार वाढणार नाही हे तुला बैठकीत कळेल आणि तीच मुलगी ड्रेसिंग रूममध्ये तुझ्या शेजारच्या लॉकरपाशी बुटाची नाडी बांधत घर बदलण्याच्या गोष्टी करत असेल. काय बोलशील? गप्प राहिलीस तर मैत्रीण म्हणून खोटी, बोललीस तर कोच म्हणून.

मी यातली अर्धी चूक केलेली आहे. खेळणं थांबवलं त्याच वर्षी मी माझ्याच संघाची कोच झाले. क्लबचं नाव कशाला, त्यांचा दोष नव्हता, हौस माझी होती. एक सामना सांगते. दोन गोलांनी मागे, सात मिनिटं शिल्लक, चेंडू आमच्याकडे. मी हिरवं कार्ड टेबलावर ठेवलं. टाइम-आउट एक मिनिटाचा असतो, सामन्यात तीन आणि एका हाफमध्ये दोनच, हे तुला माहीत आहे. खेळाडूला ते मिनिट पाण्याचं असतं. कोचला ते किती लहान असतं हे मला त्या दिवशी कळलं. मी सुरू झाले: सिक्स-झिरो (सहाही जणी रेषेवर) सोडा, फाइव्ह-वन (पाच रेषेवर, एक पुढे) करा, पुढे तू जा, विंगनी लवकर परत या, त्यांच्या लेफ्ट बॅकचा फेकायचा हात धरा, गोलकीपर, तू जवळचा पोस्ट सोडू नकोस... पन्नास सेकंद गेली. मग आमची पिव्हट, जिच्याबरोबर मी दौऱ्यांवर आठ वर्षं एका खोलीत राहिले होते, टॉवेलने तोंड पुसत म्हणाली, ‘बाई, चेंडू आत्ता आपल्याकडे आहे. हल्ला काय करायचा ते सांग.’ सगळ्या हसल्या. मीही हसले. हॉर्न वाजला. सामना पाच गोलांनी गेला.

तिचं चुकलं नव्हतं. दुसरी कुणी कोच असती तर तिने हेच जरा अदबीने विचारलं असतं आणि कोच सावध झाली असती. आमच्यात ते हसण्यावारी गेलं, कारण आम्हाला एकमेकींशी तसंच बोलायची सवय होती. पुढे मी टाइम-आउटची शिस्त लावून घेतली. पहिली वीस सेकंद पाणी आणि श्वास, मी गप्प. मग पुढचा एक हल्ला, कोण सुरू करणार आणि कुणापर्यंत जायचं. मग बचावात एकच बदल, एकीचं नाव घेऊन. वेळ उरला तरी तोंड बंद. ही शिस्त मला परक्या मुलींच्या संघात सहज लावता आली, घरच्या संघात कधीच नाही.

तू कोचिंगमध्ये उतरलीस की संघाच्या व्हॉट्सॲप ग्रुपमधून आपण होऊन बाहेर पड. तासाभरात त्या तुझ्याशिवाय नवा ग्रुप काढतील. वाईट वाटेल, पण तो त्यांचा हक्क आहे. कोचला शिव्या घालायला जागा नको का?

तू म्हणशील, तालांत दुयशेबायेवने नाही केलं? केलं. १९९२ चं ऑलिंपिक सुवर्ण, १९९४ आणि १९९६ चा जगातला सर्वोत्तम खेळाडू. स्पेनच्या सिउदाद रेआलकडून खेळत होता, तिथेच कोच झाला आणि २००६ मध्ये त्यांना युरोपातल्या क्लबांची चॅम्पियन्स लीग जिंकून दिली. पण तो सेंटर बॅक होता. सेंटर बॅक खेळत असतानाच अर्धा कोच असतो. कुठली चाल लावायची, चेंडू कुठल्या बाजूने फिरवायचा, हे बोटांच्या खुणांनी तोच ठरवतो. राइट बॅकपर्यंत चेंडू येतो तेव्हा बरंचसं ठरून गेलेलं असतं आणि तिने ते तडीस न्यायचं असतं. राग मानू नकोस. गोलकीपरला तर कुणी काही विचारतच नाही, मी तुझ्याही मागून सुरुवात केली होती.

मला फिलिप यीखाचा रस्ता जास्त पटतो. २०१० चा जगातला सर्वोत्तम खेळाडू, जर्मनीतल्या कील क्लबचा लाडका. २०१५ मध्ये कील सोडून बार्सिलोनाला गेला, २०१७ मध्ये खेळणं थांबवलं आणि २०१८ मध्ये कीलला परत आला तो आल्फ्रेड गिस्लासनचा असिस्टंट म्हणून. वर्षभर शेजारी बसला, २०१९ मध्ये मुख्य कोच झाला आणि २०२० च्या डिसेंबरात कोलोनला झालेल्या अंतिम सामन्यात बार्सिलोनालाच हरवून चॅम्पियन्स लीग जिंकली. मला त्यातली २०१५ ते २०१८ ही वर्षं महत्त्वाची वाटतात. तीन वर्षांत कुठल्याही ड्रेसिंग रूममधले बरेच चेहरे बदलतात. जो परत येतो त्याला ‘आपला फिलिप’ म्हणणारे कमी उरतात आणि ‘कोच’ म्हणणारे वाढतात. तुलाही सीनियर संघाकडे यायचंच असेल तर असं एक वळण घेऊन ये. चौदा वर्षांखालचा संघ हे ते वळण होऊ शकतं.

मैत्रिणीच्या वाक्याचं फार मनावर घेऊ नकोस, पण उत्तर हवंच असेल तर देते. हाइनर ब्रांड १९७८ मध्ये पश्चिम जर्मनीकडून खेळाडू म्हणून विश्वविजेता झाला आणि २००७ मध्ये जर्मनीचा कोच म्हणून. मध्ये २९ वर्षं गेली. त्याच्या झुपकेदार मिशा एवढ्या प्रसिद्ध की २००७ ला सगळे खेळाडू खोट्या मिशा लावून पदक घ्यायला उभे राहिले. किंवा आन्या आन्डर्सन बघ: डेन्मार्ककडून १९९६ चं ऑलिंपिक सुवर्ण, १९९७ ची जगातली सर्वोत्तम खेळाडू, हृदयाच्या तक्रारीमुळे खेळणं लवकर सुटलं. तिने स्लागेल्स नावाच्या क्लबला २००४, २००५ आणि २००७ अशी तीनदा चॅम्पियन्स लीग मिळवून दिली. ‘जमत नाही ते शिकवतात’ म्हणणाऱ्यांनी या दोघांना जमत नव्हतं असं म्हणून दाखवावं.

पण ते वाक्य दुसऱ्या टोकानेही चुकतं, आणि तुझ्यासाठी हे दुसरं टोक जास्त कामाचं. थोरिर हेर्गेइर्सन मूळचा आइसलँडचा, खेळाडू म्हणून त्याचं नाव नव्हतं. नॉर्वेच्या महिला संघात तो २००१ पासून आठ वर्षं मारित ब्रेइविकचा असिस्टंट होता. ब्रेइविक स्वतः नॉर्वेकडून शंभरावर सामने खेळलेली. तिने कोच म्हणून २००८ चं ऑलिंपिक सुवर्ण जिंकलं, २००९ मध्ये संघ त्याच्या हाती आला, आणि त्याने २०१२ आणि २०२४ चं. एकाच बाकावर शेजारी शेजारी बसलेली ही दोन माणसं, एकाच्या अंगात खेळ मुरलेला, दुसऱ्याने तो बघून बघून शिकलेला. तुझी सोळा वर्षं तुला कोच बनवणार नाहीत आणि आडवीही येणार नाहीत. पहिल्या पंधरा दिवसांत मुली तुझं ऐकतील एवढं काम ती करतील. सोळाव्या दिवसापासून तू आणि तुझे शब्द.

तर, दुसरा पर्याय घे. नाव नाही हे खरंच आहे. या वयाच्या मुलींच्या सामन्याला प्रेक्षक म्हणजे आईवडील आणि कुणाचा तरी धाकटा भाऊ, तोही मोबाइलमध्ये तोंड खुपसलेला. पण सीनियर संघात असिस्टंटच्या वाट्याला शंकू मांडणं, क्लिपा कापणं आणि मान डोलावणं येतं. इथे वॉर्मअपपासून शेवटच्या टाइम-आउटपर्यंत सगळं तुझं, आणि चुकाही तुझ्याच.

दोन-तीन गोष्टी आधीच सांगून ठेवते.

या मुली एक नंबरच्या चेंडूने खेळतात, परीघ ५० ते ५२ सेंटिमीटर. तुझ्या हातात तो खेळण्यासारखा वाटेल आणि पहिले काही दिवस तुझेच पास डोक्यावरून जातील. जाऊ देत. पहिला महिना करून दाखवायचंच नाही असं ठरव. टाळ्या हा मोठा मोह आहे, शिबिरात तू त्यालाच बळी पडलीस. सांगता येईना तेव्हा हातात चेंडू घेण्याऐवजी त्या मुलीला विचारायचं, ‘तुला आत्ता काय दिसतंय?’ ती जे सांगेल ते ऐकून तू चाट पडशील. एकीने मला सांगितलं होतं, ‘ताई, मला फक्त तिचा नंबर दिसतो.’ म्हणजे पोरगी समोरचीच्या छातीकडे बघत होती. पाय कुठून दिसणार?

दुसरं बचावाचं. सहाच्या सहा जणी सहा मीटरच्या रेषेवर उभ्या केल्या तर या वयात सामने पटापट जिंकता येतात, कारण नऊ मीटरच्या बाहेरून गोल फोडेल असा हात समोरच्या संघाकडेही नसतो. जर्मनीत म्हणूनच लहान वयोगटांना पुढे येऊन, पसरून बचाव करायची सक्ती आहे. तुझ्याकडे सक्ती नसली तरी तू तसाच करून घे. पसरलेल्या बचावात जागा मोठाल्या असतात, आणि जिला जागा दिसत नाही तिला आधी मोठाल्याच दाखवाव्या लागतात. सरावात तुझ्याच मुली एकमेकींविरुद्ध तसं खेळतील तेव्हा शिबिरातल्या पोरीचा प्रश्न निम्मा सुटलेला असेल. सामन्यात मात्र सुरुवातीला गोलांचा पाऊस पडेल. पालक विचारतील, रेषेवर उभं का नाही करत? त्यांना पहिल्याच दिवशी सांगून टाक की दोन-तीन महिने आपण हरणार आहोत. हरल्यावर सांगितलंस तर ते निमित्त वाटतं.

तिसरं कागदांचं, पटकन उरकते. कोचिंगचा परवाना आत्ताच सुरू कर, गुडघा बरा व्हायची वाट बघू नकोस. युरोपात या जिन्याच्या सगळ्यात वरच्या पायरीला मास्टर कोच म्हणतात. तू कुठे पोचशील ते पुढे बघू, पण तळाची पायरी मोठ्या खेळाडूंनाही चढावी लागते, आणि तिथे तुझ्या शेजारी बसलेला शाळेतला पी.टी.चा मास्तर तुझ्यापेक्षा चांगलं शिकवत असेल. त्याच्या वह्या बघ. क्लबकडून लेखी घे: संघ निवडण्याचा अधिकार कुणाचा, आठवड्याला सराव किती, किमान किती सीझन. दोन सीझनच्या खाली मान्य करू नकोस. आणि ‘आमची राइट बॅक पडलीय, दोनच सामने खेळ’ असा फोन येणार, येणारच, त्याचं उत्तर आजच ठरवून ठेव.

त्यावरून एक विचारते. डॉक्टर काय म्हणाले ते पत्रात आहे, क्लब काय म्हणाला ते आहे, मैत्रीण काय म्हणाली तेही आहे. तुला खेळणं थांबवायचंय का, ते कुठेच नाही. पहिला पर्याय तुला ओढतोय तो बहुतेक त्यातल्या ‘खेळत खेळत’ या दोन शब्दांमुळे. असेल तर कबूल करून टाक, त्यात लाज कसली. चालू सीझनचे सामने बाकी असतील तर एक ठरवून शेवटचा म्हणून खेळ. सगळ्यांना सांगून, घरच्यांना बोलावून, गुडघ्याला पट्टी बांधून, वीसच मिनिटं का होईना. मी तसं केलं नाही. माझा शेवटचा सामना कुठला होता हे मला तो होऊन गेल्यावर पाच महिन्यांनी कळलं, आणि ते पाच महिने मी शिकवत होते त्या मुलींना फार छळलं. चेंडू हाताला चिकटावा म्हणून लावतात ते रेझिन नखांच्या कडेला अडकतं, ते कोरून काढायची सवय मला कोच झाल्यावरही वर्षभर होती. तिथे काहीही नसायचं.

त्यानंतरचे काही आठवडे सामने बघायला जा, पण बाकाच्या मागे बसू नकोस. गोलाच्या मागे बस. हा सल्ला गोलकीपरचा आहे, पण तिथून बचावाच्या भिंतीतली भोकं दिसतात. पाठीमागे पिव्हट कुणाला अडवतेय तेही दिसतं. तुझ्या खेळाडूपणात ही बाजू तुला नेहमी समोरून दिसली, मागून कधीच नाही. दर सामन्यात एकच खेळाडू निवड, दहा मिनिटं फक्त तिच्याकडे बघ, तिच्याकडे चेंडू नसतानाही. ती काय करते ते वहीत क्रियापदांनी लिही: थांबली, वळली, दोन पावलं मागे, हात वर. ‘छान खेळली’ असं लिहायचं नाही.

आणि नवा संघ हातात आला की पहिल्याच आठवड्यात बघ, त्यात कुणी डावखुरी आहे का. बहुधा तिला आधीच्या कुणीतरी डाव्या विंगला उभं करून ठेवलं असेल. असली तर मला कळव.

तुझी,
ताई